तपासणीचा गाजावाजा आणि उपचारांची वाट

ऑक्टोबर महिना सुरू झाला की मोठ्या शहरांतील इमारतींवर गुलाबी दिवे लागतात, खासगी इस्पितळांच्या जाहिरातींत सवलतीचे दर झळकू लागतात आणि स्तनाच्या कर्करोगाची तपासणी वेळेवर करून घ्या, असा उपदेश स्त्रियांना चहूबाजूंनी ऐकू येतो. ही लाट आता शहरांपुरती राहिलेली नाही. पुढाऱ्यांच्या वाढदिवसाला पूर्वी रक्तदान आणि चष्मेवाटप होत असे. आता त्यांच्या जोडीला क्ष-किरण यंत्र बसवलेली गाडी गावात येते, दोन दिवस थांबते, छायाचित्रे निघतात आणि गाडी पुढच्या गावाला जाते. समाजवादी चळवळीतील कार्यकर्त्यांनाही या कार्यक्रमाचे आकर्षण वाटू लागले आहे. 'प्रत्येक तालुक्याला मॅमोग्राफीचे यंत्र' ही मागणी निवेदनांत दिसू लागली आहे. कारखानदाराच्या पत्नीला जी तपासणी मिळते ती त्याच्या घरी भांडी घासणाऱ्या बाईला का मिळू नये, हा त्या मागणीमागचा प्रश्न रास्तच आहे. परंतु प्रश्न रास्त असला म्हणजे त्याचे पहिले सुचलेले उत्तरही बरोबर असते, असे नाही. या बाबतीत ते उत्तर नीट पारखून घेणे अगत्याचे झाले आहे; कारण तपासणी कोणती, कोणाची आणि तिच्यानंतर काय, यांवर हजारो स्त्रियांचे जगणे-मरणे अवलंबून आहे.

रोगाचे गांभीर्य वादातीत आहे. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेच्या अंदाजानुसार २०२२ साली भारतात सुमारे १ लाख ९२ हजार स्त्रियांना स्तनाचा कर्करोग झाला आणि सुमारे ९८ हजार स्त्रिया त्याने दगावल्या. भारतीय स्त्रियांत सर्वाधिक आढळणारा कर्करोग आज हाच आहे. गाठ लहान असताना आणि काखेतल्या ग्रंथींपर्यंत पोचलेली नसताना उपचार झाले, तर बहुसंख्य स्त्रिया वाचतात. रोग हाडांत किंवा फुप्फुसांत पसरल्यावर डॉक्टरांच्या हाती आयुष्य काही काळ लांबवण्यापलीकडे फारसे उरत नाही. तेव्हा रोग लवकर सापडला पाहिजे, याबद्दल दुमत असण्याचे कारण नाही. मतभेद आहे तो, लवकर म्हणजे किती लवकर आणि कोणत्या मार्गाने, याविषयी.

येथे एक भेद प्रारंभीच ध्यानात घेतला पाहिजे. स्तनात गाठ लागली म्हणून दवाखान्यात आलेल्या स्त्रीची तपासणी करणे ही एक गोष्ट आहे. आणि जिला काहीही होत नाही अशा निरोगी स्त्रीला घरून बोलावून, तिच्यात रोग लपला आहे का हे पाहणे ही दुसरी गोष्ट आहे. पहिल्या प्रसंगी ती स्त्री मदत मागत असते. दुसऱ्या प्रसंगी शासन किंवा वैद्यकशास्त्र आपण होऊन तिच्या दारी जाते. जो आपण होऊन दारी जातो त्याच्यावर, आपल्या येण्याने तिचे हितच होईल हे सिद्ध करण्याची जबाबदारी अधिक असते. विल्सन आणि युंगनर या दोघांनी जागतिक आरोग्य संघटनेसाठी १९६८ साली सामूहिक तपासणीची दहा तत्त्वे मांडली. रोग समाजाच्या दृष्टीने महत्त्वाचा असावा, त्यावर मान्य उपचार असावा, निदानाच्या आणि उपचारांच्या सोयी उपलब्ध असाव्यात, रोगी शोधण्याचा खर्च एकूण वैद्यकीय खर्चाच्या प्रमाणात असावा आणि शोधण्याचे काम एकदाच करून न थांबता अखंड चालावे, ही त्यांतील काही तत्त्वे होत. अर्धशतक लोटले तरी ती जुनी झालेली नाहीत. दोन दिवसांसाठी येणारी गाडी त्यांतील किती तत्त्वे पाळते, हे वाचकांनी स्वतःच ठरवावे.

मॅमोग्राफी म्हणजे स्तनाचे क्ष-किरण चित्र. हाताला न लागणारी गाठ त्यात दिसू शकते. तिचा खरा लाभ किती, हे तपासण्याचा पहिला मोठा प्रयोग १९६३ साली न्यूयॉर्कमध्ये एका आरोग्य विमा योजनेने सुरू केला. सुमारे ६२ हजार स्त्रियांचे दोन गट करण्यात आले. एका गटाला दरवर्षी तपासणीसाठी बोलावले, दुसऱ्याला नेहमीचे उपचार उपलब्ध राहिले. तपासणीच्या गटात या रोगाने होणारे मृत्यू सुमारे तीस टक्क्यांनी घटल्याचे दिसले. स्वीडनमधील दोन प्रांतांत १९७७ साली सुरू झालेल्या प्रयोगाचे निष्कर्ष १९८५ साली प्रसिद्ध झाले. तेही याच स्वरूपाचे होते. या पुराव्याच्या आधारे ब्रिटनने १९८८ साली आपल्या राष्ट्रीय आरोग्य सेवेमार्फत पन्नाशी ओलांडलेल्या स्त्रियांसाठी दर तीन वर्षांनी मोफत तपासणी सुरू केली. हा लाभ काल्पनिक आहे असे म्हणणे पुराव्याशी अप्रामाणिकपणाचे ठरेल.

परंतु 'तीस टक्के' या शब्दांनी जितके सांगितले जाते तितकेच झाकलेही जाते. टक्का कशाचा, हा अर्थशास्त्राच्या पहिल्या वर्गात विचारला जाणारा प्रश्न येथेही विचारला पाहिजे. आरोग्यातील विषमतेचे ख्यातनाम अभ्यासक मायकेल मार्मॉट यांच्या अध्यक्षतेखाली ब्रिटनमध्ये एक स्वतंत्र समिती नेमली गेली आणि तिने २०१२ साली आपला अहवाल दिला. त्यातील हिशेब असा : दहा हजार स्त्रियांना पन्नासाव्या वर्षापासून वीस वर्षे तपासणीसाठी बोलावत राहिले, तर त्यांच्यापैकी ६८१ जणींमध्ये कर्करोग सापडेल. तपासणीमुळे ४३ मृत्यू टळतील. मात्र त्या ६८१ पैकी १२९ जणींचा कर्करोग असा असेल की, तो शोधला नसता तर त्यांना आयुष्यभर त्याचा उपद्रव झाला नसता आणि तो असल्याचे कळलेही नसते. म्हणजे एका स्त्रीचा जीव वाचतो तेव्हा तीन स्त्रिया विनाकारण कर्करोगाच्या रोगी ठरतात. समितीने हा सर्व हिशेब मांडून तपासणी चालू ठेवण्याच्या बाजूने कौल दिला. पण बोलावण्यात येणाऱ्या प्रत्येक स्त्रीला हे दोन्ही आकडे स्पष्टपणे सांगितले पाहिजेत, असेही बजावले.

या १२९ स्त्रियांचा प्रश्न सामान्य वाचकाला चटकन पटत नाही, म्हणून तो उलगडून सांगणे इष्ट. कर्करोग म्हटला की तो वाढणारच आणि जीव घेणारच, अशी आपली समजूत असते. वस्तुस्थिती अशी की काही गाठी फार सावकाश वाढतात आणि काही वाढतच नाहीत. यंत्राच्या तपासणीत सापडणाऱ्या रोगांपैकी सुमारे एक पंचमांश रोग दुग्धवाहिनीच्या आतच राहिलेला असतो. त्यातील कोणता पुढे पसरेल आणि कोणता तसाच राहील, हे आजही सांगता येत नाही. सांगता येत नाही म्हणून सर्वांवरच उपचार केले जातात. शस्त्रक्रिया होते, किरणोपचार होतात, अनेक वर्षे गोळ्या घ्याव्या लागतात. या प्रकाराला अतिनिदान असे नाव आहे. त्यात विलक्षण गोष्ट अशी की, ज्या स्त्रीचे अतिनिदान झाले तीच पुढे या तपासणीची सर्वांत कळकळीची प्रचारक होते. कारण आपला जीव तपासणीने वाचला, असे तिला मनापासून वाटत असते. आणि तिचे म्हणणे खरे की खोटे, हे तिच्यापुरते कोणीही सिद्ध करू शकत नाही.

दुसरा दोष खोट्या इशाऱ्यांचा. ब्रिटनमध्ये तपासणीला गेलेल्या शंभर स्त्रियांपैकी साधारण चौघींना पुन्हा बोलावले जाते. त्या चौघींपैकी एकीलाच कर्करोग असल्याचे निष्पन्न होते. उरलेल्या तिघींचे दिवस भीतीत जातात, काहींच्या स्तनातून सुईने तुकडा काढावा लागतो. अमेरिकेत दरवर्षी तपासणी करण्याची प्रथा होती तेव्हा दहा वर्षांत सुमारे निम्म्या स्त्रियांना एकदा तरी असा खोटा इशारा मिळाल्याचे अभ्यासांत आढळले.

तिसरी गोष्ट आकड्यांच्या भुलीची आहे. तपासणीत सापडलेले रोगी निदानानंतर अधिक वर्षे जगतात, असे जाहिरातींत आवर्जून सांगितले जाते. समजा, एका स्त्रीचा मृत्यू साठाव्या वर्षी ओढवणार आहे. गाठ हाताला लागून सत्तावन्नाव्या वर्षी निदान झाले तर ती निदानानंतर तीन वर्षे जगली असे नोंदले जाईल. यंत्राने त्रेपन्नाव्या वर्षी निदान केले तर सात वर्षे जगली असे नोंदले जाईल. वास्तविक तिच्या आयुष्यात एका दिवसाचीही भर पडलेली नाही. तिच्या आजारपणात मात्र चार वर्षांची भर पडली. म्हणूनच तपासणीचे यश मोजण्याचे खरे माप एकच : तपासणी झालेल्या समूहात मृत्यू किती कमी झाले?

या मापाने पाहिले तर सर्व प्रयोगांचे उत्तर एकसारखे नाही. कॅनडात १९८० साली सुमारे ९० हजार स्त्रियांवर सुरू झालेल्या प्रयोगाचा पंचवीस वर्षांचा आढावा २०१४ साली प्रसिद्ध झाला. ज्यांची दरवर्षी मॅमोग्राफी झाली आणि ज्यांची झाली नाही, त्या दोन्ही गटांतील मृत्यूंत फरक आढळला नाही. त्या प्रयोगाच्या आखणीवर आणि चित्रांच्या दर्जावर इतर तज्ज्ञांनी टीका केली आहे, हेही नमूद केले पाहिजे. स्वित्झर्लंडच्या वैद्यकीय मंडळाने त्याच वर्षी नवे सामूहिक कार्यक्रम सुरू करू नयेत, असा सल्ला दिला. उलट अमेरिकेच्या अधिकृत सल्लागार मंडळाने २००९ साली दर दोन वर्षांच्या नियमित तपासणीचा प्रारंभ पन्नाशीपासून करावा असे म्हटले होते, ते २०२४ साली चाळिशीपर्यंत खाली आणले. समान पुरावा समोर असताना जाणकारांचे निर्णय असे परस्परविरोधी होतात, याचा अर्थ लाभ आणि हानी यांची तुलना शास्त्राने पुरी होत नाही. तिच्यात मूल्यांचा प्रश्न येतो. एक मृत्यू टाळण्यासाठी तीन स्त्रियांना निष्कारण शस्त्रक्रिया सोसावी लागली तर ते मान्य करावे काय? याचे उत्तर यंत्र विकणाऱ्याने किंवा इस्पितळाच्या मालकाने देऊ नये. ज्या स्त्रीच्या शरीराचा प्रश्न आहे तिने, सर्व माहिती मिळाल्यावर, द्यावे.

ही माहिती तिच्यापर्यंत पोचत मात्र नाही. कारण तपासणीभोवती मोठा बाजार उभा आहे. अमेरिकेत ऑक्टोबर हा जागृतीचा महिना म्हणून पाळण्यास १९८५ साली प्रारंभ झाला, तेव्हा एका कर्करोग संस्थेच्या जोडीला इम्पीरियल केमिकल इंडस्ट्रीज या बड्या कंपनीचा औषध विभाग होता. स्तनाच्या कर्करोगावरील टॅमॉक्सिफेन हे औषध याच कंपनीने बाजारात आणले होते. ते औषध उपयुक्त आहे, यात वाद नाही. पण जागृतीच्या मोहिमेची सूत्रे विक्रेत्याच्या हाती असली म्हणजे हानीचा रकाना कोरा राहतो. आपल्याकडे 'संपूर्ण शरीर तपासणी'च्या नावाने तिशीतील नोकरदार स्त्रियांना मॅमोग्राफी विकली जाते. या वयात स्तनातील ग्रंथींचे प्रमाण अधिक, म्हणजे ऊती दाट असतात. चित्रात गाठ दिसणे कठीण आणि खोटा इशारा मिळणे सोपे. ज्या वयात उपयोग कमी त्या वयात विक्री अधिक, हा नफ्याच्या व्यवस्थेचा नेहमीचा न्याय आहे.

आता आपल्या परिस्थितीकडे वळू. पश्चिम युरोपात वयाचा फरक जमेस धरून दर लाख स्त्रियांमागे वर्षाला सुमारे ९० जणींना हा रोग होतो. भारतात सुमारे २६ जणींना. रोग तिकडे साडेतीन पट. मृत्यूंचे प्रमाण मात्र तिकडे लाखामागे १५च्या आसपास आणि इकडे १३च्या आसपास, म्हणजे जवळजवळ सारखे आहे. तिकडच्या आकड्यात अतिनिदानाची भर आहे हे मान्य केले, तरी या दोन ओळींत आपल्या आरोग्यव्यवस्थेवरचा संपूर्ण आरोप सामावला आहे. आपल्या स्त्रियांना रोग कमी होतो. पण झालेल्या स्त्रिया अधिक मरतात. त्या मरतात याचे मुख्य कारण यंत्राने दिसणारी सूक्ष्म गाठ सुटली, हे नाही. हाताला लागणारी, दिसणारी, कधी कधी फुटलेली गाठ घेऊन त्या महिनोन्महिने उपचारांविना राहिल्या, हे आहे.

याच आकड्यांतून दुसराही निष्कर्ष निघतो. रोग जितका विरळ, तितके तपासणीतल्या इशाऱ्यांत खोट्या इशाऱ्यांचे प्रमाण अधिक. खोटे इशारे निरोगी स्त्रियांच्या संख्येवर ठरतात, खरे इशारे रोगी स्त्रियांच्या संख्येवर. बार्शी येथे १९८७ साली देशातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. तिच्या नोंदींत ग्रामीण स्त्रियांत स्तनाच्या कर्करोगाचे प्रमाण मुंबईच्या मानाने बरेच कमी असल्याचे दिसत आले आहे. तेव्हा ब्रिटनमधील हिशेब जसाच्या तसा मराठवाड्यातील किंवा सोलापूर जिल्ह्यातील तालुक्याला लावला, तर टळणारे मृत्यू आणखी कमी भरतील आणि घाबरवल्या जाणाऱ्या स्त्रिया तेवढ्याच राहतील.

मग करायचे काय? याचे काही उत्तर मुंबईनेच दिले आहे. टाटा स्मारक रुग्णालयाने १९९८ साली मुंबईच्या झोपडपट्ट्यांत एक प्रयोग सुरू केला. ३५ ते ६४ या वयोगटातील १ लाख ५१ हजारांहून अधिक स्त्रिया त्यात होत्या. निम्म्या वस्त्यांत प्रशिक्षण दिलेल्या आरोग्यसेविकांनी दर दोन वर्षांनी स्त्रियांचे स्तन हाताने तपासले. यंत्र वापरले नाही. संशय आला तर त्या स्त्रीला टाटा रुग्णालयात पाठवले जाई. इंद्रनील मित्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वीस वर्षांचे निष्कर्ष २०२१ साली प्रसिद्ध केले. तपासणी न झालेल्या वस्त्यांत ४७ टक्के स्त्रियांचा रोग तिसऱ्या किंवा चौथ्या अवस्थेत सापडला; तपासणी झालेल्या वस्त्यांत हे प्रमाण ३७ टक्के होते. सर्व वयोगट एकत्र धरले तर मृत्यूंत १५ टक्के घट दिसली, पण ती संख्याशास्त्राच्या कसोटीला निर्विवादपणे उतरली नाही. पन्नाशीच्या पुढील स्त्रियांत मात्र घट जवळजवळ ३० टक्के होती आणि ती कसोटीला उतरली. पन्नाशीच्या आतील स्त्रियांत लक्षणीय घट आढळली नाही.

हा निष्कर्ष दोन्ही बाजूंच्या लोकांनी शांतपणे वाचण्यासारखा आहे. परदेशात महागड्या यंत्राने जे साधले, त्याच्या तोडीचे फळ पन्नाशीपुढील स्त्रियांत शिकवलेल्या हातांनी मिळाले. आणि हाताला लागणारी गाठच शोधायची असल्याने अतिनिदानाची भीतीही तुलनेने कमी. पण त्या हातांच्या मागे एक सुसज्ज रुग्णालय उभे होते, हे विसरता कामा नये. स्त्रीला स्वतःच तपासायला शिकवून मोकळे होण्याचा स्वस्त मार्गही पुरेसा नाही. शांघायमधील कापड गिरण्यांतल्या सुमारे २ लाख ६६ हजार कामगार स्त्रियांवर असा प्रयोग झाला. २००२ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या निष्कर्षांनुसार मृत्यू घटले नाहीत, निरुपद्रवी गाठींसाठी सुया टोचणे तेवढे वाढले. स्त्रीने आपल्या शरीराची ओळख ठेवावी आणि बदल दिसताच दाखवावे, हे योग्यच. पण सगळा भार तिच्यावर टाकून व्यवस्थेला हात झटकता येणार नाहीत.

मुंबईच्या प्रयोगाला आणखी एक बाजू आहे. तुलनेसाठी निवडलेल्या वस्त्यांतील स्त्रियांना कर्करोगाविषयी एकदा माहिती देण्यात आली, तपासणी मात्र करण्यात आली नाही. विशेषतः गर्भाशयमुखाच्या कर्करोगाविषयीच्या भागावर या कारणाने तीव्र नैतिक आक्षेप घेतले गेले आणि तो वाद देशाबाहेरही गाजला. त्या वादाचा निवाडा येथे करण्याचा हेतू नाही. परंतु दीड लाख गरीब स्त्रियांनी आपल्या शरीरांच्या आधारे हे ज्ञान देशाला दिले आहे, एवढे निश्चित. त्या ज्ञानाचा उपयोग त्यांच्यासारख्या स्त्रियांसाठी न करणे, हा मूळ आक्षेपाहूनही मोठा अन्याय होईल.

आजवर झाले आहे ते असे. केंद्र सरकारने २०१६ साली तोंड, स्तन आणि गर्भाशयमुख यांच्या कर्करोगांसाठी ३० ते ६५ वयोगटाच्या तपासणीची चौकट जाहीर केली. स्तनांची तपासणी हातानेच व्हावी, हे तिच्यात मान्य करण्यात आले. मात्र मुंबईत दर दोन वर्षांनी झालेली तपासणी येथे पाच वर्षांतून एकदा करण्याचे ठरले. त्यानंतर २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत असे आढळले की, ३० ते ४९ वयाच्या स्त्रियांपैकी आयुष्यात एकदा तरी स्तनतपासणी झालेल्या स्त्रिया ०.९ टक्के आहेत. शंभरांत एकही नाही. आता सरकारी नोंदींत तपासलेल्या स्त्रियांचे आकडे कोटींत सांगितले जातात. ते खरे मानले तरी प्रश्न उरतोच : त्यांतील किती जणींना संशयावरून पुढे पाठवले, किती जणी पोचल्या, किती दिवसांत निदान झाले आणि किती जणींचे उपचार पूर्ण झाले? या चार रकान्यांविना तपासणीचा आकडा म्हणजे पेरणीचा हिशेब देऊन कापणीविषयी मौन पाळणे होय.

शेतमजूर स्त्रीची वाट डोळ्यांपुढे आणावी. गाठ लागल्यावर लाज आणि धास्ती यांत काही आठवडे जातात. मग गावातील डॉक्टर गोळ्या देतो. उपजिल्हा रुग्णालयात तुकडा तपासण्याची सोय नसते. जिल्ह्याला जावे लागते. तेथे आज यंत्र बंद, उद्या डॉक्टर रजेवर. प्रत्येक खेपेला तिची मजुरी बुडते, सोबत येणाऱ्याची बुडते, एस.टी.चे भाडे लागते. सरकारी विमा योजनेचे कार्ड बहुधा निदान झाल्यावर कामी येते. निदानापर्यंतचा खर्च खिशातूनच होतो. किरणोपचारांसाठी शहरात अनेक आठवडे राहावे लागते, तेव्हा पदपथाखेरीज आसरा नसतो. कित्येक जणी अर्ध्यातून परततात. अशा वाटेच्या तोंडाशी नवे यंत्र उभे करणे म्हणजे पूल नसलेल्या नदीकाठी आणखी प्रवासी आणून सोडण्यासारखे आहे.

येथे एक आक्षेप अपेक्षित आहे आणि तो गंभीर आहे. श्रीमंतांना यंत्र आणि गरिबांना हात, ही नवी वर्णव्यवस्था झाली नाही काय? 'गरिबांना एवढे पुरे' या भाषेने शासनाने आजवर अनेक हक्क नाकारले आहेत, तेव्हा कार्यकर्त्यांना शंका येणे स्वाभाविक आहे. त्याचे उत्तर असे की, समता वस्तूंच्या सारखेपणाने मोजायची नसते. ती परिणामांच्या सारखेपणाने मोजायची असते. श्रीमंत स्त्री वाचते ती मुख्यतः गाठ लागल्यापासून थोड्याच दिवसांत तिचे निदान होते, उत्तम शस्त्रक्रिया होते आणि पूर्ण औषधोपचार मिळतात म्हणून. समता हवी ती येथे. गाठ असलेल्या स्त्रीच्या निदानासाठी, तसेच घराण्यात हा रोग असलेल्या जोखमीच्या स्त्रियांसाठी जिल्हा रुग्णालयात मॅमोग्राफी आणि सोनोग्राफी मोफत असलीच पाहिजे. त्याला विरोध करण्याचा प्रश्नच नाही. जिथे निदान आणि उपचारांची साखळी पक्की झाली आहे अशा शहरांत, पन्नाशीपुढील स्त्रियांना दोन्ही बाजू सांगून यंत्राची तपासणी देऊ करण्यासही हरकत नाही. विरोध आहे तो उपचारांऐवजी यंत्र दाखवण्याला.

तेव्हा चळवळीने मागण्यांचा क्रम बदलला पाहिजे. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ साली या रोगासाठी तीन लक्ष्ये ठरवून दिली आहेत : साठ टक्के रोगी पहिल्या दोन अवस्थांत सापडावेत, स्त्री प्रथम दवाखान्यात आल्यापासून साठ दिवसांत निदान व्हावे आणि ऐंशी टक्के स्त्रियांचे उपचार पूर्ण व्हावेत. प्रत्येक जिल्हा रुग्णालयाने हे तीन आकडे दरवर्षी जाहीर करावेत, ही पहिली मागणी. गाठ असलेल्या स्त्रियांसाठी आठवड्यातील ठराविक दिवस, त्याच दिवशी सुईतपासणी आणि ठराविक मुदतीत अहवाल, ही दुसरी. निदानापर्यंतच्या सर्व चाचण्या, प्रवासखर्च आणि उपचारकाळात बुडणाऱ्या मजुरीची भरपाई, ही तिसरी. पन्नाशीपुढील प्रत्येक स्त्रीची दर दोन वर्षांनी शिकवलेल्या आरोग्यसेविकेकडून, आडोसा असलेल्या खोलीत तपासणी, ही चौथी. आणि हे काम आशा सेविकांच्या तुटपुंज्या मानधनाच्या गाठोड्यात आणखी एक ओझे म्हणून न टाकता, रीतसर प्रशिक्षण आणि रीतसर वेतन देऊन करून घ्यावे, ही पाचवी.

कार्यकर्त्यांचे स्वतःचे कामही यात आहे. फिरत्या गाडीचे शिबिर भरवून फलकावर नाव लावणे सोपे. ज्या स्त्रीला त्या शिबिरात चिठ्ठी मिळाली तिला तीन महिन्यांनी घरी जाऊन विचारणे कठीण. ज्या शिबिरामागे असा पाठपुरावा नाही, ते भरवू नये. महिला मंडळांच्या आणि असंघटित कामगार स्त्रियांच्या बैठकांत स्तन हा शब्द संकोच न बाळगता उच्चारला गेला पाहिजे. दुखत नाही म्हणून गाठ निरुपद्रवी असते ही समजूत घालवली पाहिजे. आणि पुरुष कार्यकर्त्यांच्या बैठकांतही तो विषय निघाला पाहिजे, कारण दवाखान्यात केव्हा जायचे आणि त्यासाठी पैसे केव्हा काढायचे, हे अजूनही बहुतेक घरांत पुरुष ठरवतो. एखाद्या तालुक्यात चार स्त्रियांची गाठ लागल्यापासून उपचार संपेपर्यंत सोबत केली आणि वाटेत कोठे किती दिवस गेले याची तारीखवार नोंद जिल्हाधिकाऱ्यांपुढे ठेवली, तर ती नोंद शंभर शिबिरांच्या छायाचित्रांहून शासनाला अधिक अडचणीची ठरेल.

लवकर शोधण्याचा आग्रह धरावाच. पण शोधलेल्या स्त्रीला वाऱ्यावर सोडण्याचा अधिकार कोणत्याही शासनाला नाही. ज्या दिवशी गाठ घेऊन आलेल्या शेतमजूर स्त्रीला साठ दिवसांच्या आत निदान आणि त्यापाठोपाठ पुरे उपचार मिळतील, त्या दिवशी तालुक्याला यंत्र मागण्याचा नैतिक अधिकार आपल्याला येईल. तोवर चळवळीची शक्ती त्या साठ दिवसांसाठी खर्च झाली पाहिजे.